मैना अर्धी कापू नका

पोस्ट लांब आहे. वेळ नसेल तर दोन दिवसांत वाचा, पण न वाचता अंगठा देऊ नका. न वाचता अंगठा उमटवणारे मी छत्तीस वर्षं बँकेत पाहिलेत, आणि पुढं त्यांचं काय होतं तेही पाहिलंय.

झालं असं. १७ सप्टेंबरच्या कार्यक्रमाची बैठक होती. पलीकडं मराठवाड्यात त्या दिवशी मुक्तिसंग्राम दिन असतो, आपल्याकडं कल्याण कर्नाटक उत्सव. नाव वेगळं, तारीख एकच. मला बोलावणं आलं ते मी जाणकार म्हणून नाही, पेन्शनवाले वर्गणी वेळेवर देतात म्हणून. असो. कार्यक्रमपत्रिकेत झेंडावंदन, सत्कार, भाषणं आणि मग "सीमाभागाचं गीत". ते गीत म्हणजे अण्णा भाऊ साठ्यांची 'माझी मैना'. मी खूश झालो. मग कळलं की शेवटचा तुकडा तेवढाच म्हणणार, दोन मिनिटांचा. मागं पडद्यावर नकाशा, त्यावर पुढाऱ्यांचे फोटो. मी विचारलं, आधीचं सगळं का गाळलं? संयोजक म्हणाले, "काका, सुरुवातीला बाईचं वर्णन फार आहे. आणि मधे ते मुंबईतल्या उपाशी लोकांचं रडगाणं. सणाच्या दिवशी कशाला?"

मी म्हणालो, म्हणायची तर सगळी म्हणा. आणि अण्णा भाऊंना बोलावताच आहात, तर फाळणीच्या दंगलीवरचा त्यांचा 'पंजाब-दिल्लीचा दंगा' हा पोवाडाही ठेवा. आणि आपल्या बीदर-गुलबर्ग्यात १९४८ साली सप्टेंबरनंतर काय झालं त्यावर पाच मिनिटं मी बोलतो, कागद बघून बोलतो.

खोली गार पडली. एक जण म्हणाला, "साहेब, पंच्याहत्तर वर्षांपूर्वीची मढी कशाला उकरता?" आणि कोपऱ्यातला एक पोरगा, माझ्या नातवाच्या वयाचा, हसून म्हणाला, "काका, तुम्ही नक्की कुणाच्या बाजूचे?"

चहा पिऊन उठलो. रात्री झोप आली नाही, म्हणून हे लिहितोय.

आधी मैनेचं बोलतो, कारण ज्यांनी ती पूर्ण ऐकलीच नाही असे बरेच जण या समूहात आहेत. ही छक्कड आहे. एक माणूस पोटासाठी बायकोला गावी ठेवून मुंबईला निघतो. ती रडते, तो तिला समजावतो, निघताना तिचं रूप डोळ्यांत साठवून घेतो. मुंबईत एकीकडं झगमगाट, दुसरीकडं बेकारी नि भूक. मग संयुक्त महाराष्ट्राची चळवळ उभी राहते, कामगार रस्त्यावर येतो, मुंबई मिळते. पण गावची मैना दूरच राहते, आणि तुटून राहिलेला मराठी मुलुखही त्या मैनेसारखाच दूर राहतो. शेवट असा आहे. म्हणजे सीमाभागाचं दुःख त्यात आहे ते एका गरीब बाईच्या दुःखाचा हात धरून आलंय. बाई काढून टाकली की उरते ती घोषणा. घोषणा लिहायला अण्णा भाऊ कशाला हवेत? आपल्या संयोजकांपैकी कुणीही लिहील.

माझा जन्म १९५० चा, भालकीजवळच्या खेड्यातला. १ नोव्हेंबर १९५६ ला जुना हैदराबाद संस्थानचा मुलुख तीन ठिकाणी वाटला तेव्हा मी सहा वर्षांचा. आपल्या बीदर जिल्ह्यातली अहमदपूर, उदगीर, निलंगा मुंबई राज्यात गेली, झहीराबाद-नारायणखेड आंध्रात, आणि बीदर, भालकी, औराद, हुमनाबाद म्हैसुरात. एका जिल्ह्याच्या तीन वाटण्या. माझी आत्या निलंग्याकडं दिलेली, ती एका रात्रीत परराज्यातली झाली. ६१-६२ च्या सुमाराला मी मैना पहिल्यांदा ऐकली. मुंबईच्या गिरणीत दोन-चार वर्षं काढून आलेले एक जण आमच्या गावच्या मांगवाड्यात राहायचे. हलगी अशी वाजवायचे की बैल कान टवकारायचे. ते मैना म्हणायचे. मूळ गाण्यात बेळगाव आहे, कारवार आहे, डांग-उंबरगाव आहे. बीदर-भालकी मी त्यात कधी ऐकली नाही. पण आमचे हे तात्या त्या ठिकाणी आले की हलगीवर एक जादा थाप टाकून "भालकी" घुसवायचे. सगळी चावडी ओरडायची. शाहिरानं आपलं गाव घेतलं नाही तर आपण घ्यायचं, त्यात काय एवढं!

आता पुढचं. मी त्यांना आज तात्या म्हणतोय. तेव्हा मी बारा वर्षांचा, ते पन्नाशीचे, आणि मी त्यांना अरे-तुरे करायचो. गाणं झाल्यावर आमच्या वाड्यावर त्यांना चहा मिळायचा. त्यांची कपबशी वेगळी, वळचणीला खोचलेली. पिऊन झाल्यावर स्वतःच धुऊन परत तिथंच खोचायची. ज्या गाण्यासाठी आम्ही टाळ्या पिटायचो ते गाणं रचणारा माणूस त्यांच्याच जातीचा, मातंग, हे आम्हाला ठाऊक नव्हतं. ठाऊक असतं तरी कपबशी वळचणीलाच राहिली असती. महाराष्ट्रानं आम्हाला परकं केलं म्हणून जे गाणं ऐकून आमचे डोळे भरायचे, ते म्हणणाऱ्याला आम्ही उंबऱ्याच्या आत घेत नव्हतो. मैना अर्धी ऐकायची सवय आपल्याला आजची नाही, मंडळी.

अण्णा भाऊ कोण होते हे सांगायची पाळी यावी याचंच वाईट वाटतं. १ ऑगस्ट १९२० ला सांगली जिल्ह्यात वाटेगावला जन्म. शाळा जवळजवळ नाहीच. लहानपणी बापाबरोबर पायी मुंबईला आले. पडेल ती कामं केली, गिरणीत राबले. १९४३ मध्ये स्टालिनग्राडचा पोवाडा रचला, त्याचा पुढं रशियनमध्ये अनुवाद झाला. १९४४ मध्ये अमर शेख आणि द. ना. गव्हाणकर यांच्यासोबत लाल बावटा कलापथक उभं केलं. मुंबई सरकारनं त्यांच्या खेळांवर बंदी घातली. घाटकोपरच्या चिरागनगरच्या झोपडीत बसून 'फकिरा' लिहिली आणि बाबासाहेबांना अर्पण केली. १८ जुलै १९६९ ला गेले, एकोणपन्नासाव्या वर्षी, हलाखीत. २००२ मध्ये त्यांचं पोस्टाचं तिकीट निघालं. २०२२ मध्ये मॉस्कोत पुतळा बसला, महाराष्ट्राचे उपमुख्यमंत्री अनावरणाला गेले. जिवंतपणी ज्याच्या तमाशाला सरकार घाबरायचं त्याच्या पुतळ्याला कुणीच घाबरत नाही. पुतळा पोवाडा म्हणत नाही ना.

आणि ज्यांनी मैना गावोगाव नेली, ज्यांच्या पहाडी आवाजानं संयुक्त महाराष्ट्राच्या सभा पेटल्या, ते अमर शेख. बार्शीचे. मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल. बैठकीत "त्यांचे लोक", "निजामाची अवलाद" असले शब्द सैल सुटले होते. मी विचारलं, की बाबांनो, तुमचं सीमाभागाचं गीत कुणाच्या गळ्यातून महाराष्ट्रानं ऐकलं, माहीत आहे का? कुणी उत्तर दिलं नाही. पत्रिकेत अमर शेखांचं नाव नाही. मी घाला म्हटलं, तर जागा नाही म्हणाले. सत्काराला तेरा जणांची नावं आहेत.

आता ४८ सालाकडं येतो. त्या पोराचा प्रश्न रास्त आहे, मी कुणाच्या बाजूचा? सांगतो.

आमचं माळवदाचं घर रझाकारांनी जाळलं. आजोबांचे थोरले भाऊ त्यात गेले. आजी, आई, कडेवर माझा मोठा भाऊ, असे रात्रीचे चालत हद्द ओलांडून बार्शीकडच्या छावणीत गेले. चार महिने तिथं काढले. आजी मरेपर्यंत रात्री घोड्याची टाप ऐकू आली की उठून बसायची. तेव्हा रझाकार काय होते हे मला कुणी शिकवू नये. गोरट्याला मे १९४८ मध्ये जे झालं ते आपल्याला माहीत आहे. दोनशेहून अधिक माणसं मारली गेली असं गाव सांगतं. तिथल्या हुतात्म्यांच्या स्मारकाचं अनावरण मार्च २०२३ मध्ये देशाच्या गृहमंत्र्यांच्या हस्ते झालं, १०३ फुटी झेंडा उभा राहिला, सरदार पटेलांचा पुतळा बसला. मी तिथं जाऊन डोकं टेकवून आलो. ते स्मारक व्हायलाच हवं होतं, पंचाहत्तर वर्षं उशिरा झालं.

पण सप्टेंबरनंतरचं काय? १३ सप्टेंबरला फौजा आत आल्या, १७ ला निजामानं हार मानली. पुढच्या काही आठवड्यांत आपल्या भागात काय झालं ते बघायला केंद्र सरकारनं पंडित सुंदरलाल आणि काझी अब्दुल गफार यांच्यासह एक समिती पाठवली. नोव्हेंबर-डिसेंबर १९४८ मध्ये ती संस्थानभर फिरली. तिनं लिहून ठेवलं की सगळ्या संस्थानात कमीत कमी २७ ते ४० हजार माणसं मेली. सगळ्यात वाईट अवस्था चार जिल्ह्यांची: उस्मानाबाद, गुलबर्गा, बीदर, नांदेड. या चारांत १८ हजारांहून कमी नाहीत. मेलेले बहुतेक मुसलमान. त्यातले रझाकार किती आणि लोहार, विणकर, मुलाणी किती, ते आपापल्या गावात विचारून बघा, म्हातारे सांगतील. रझाकारांतले बरेच वेळेत पळाले होते. अहवाल कित्येक दशकं कुलपात राहिला.

त्याच अहवालात दुसरंही लिहिलंय, आणि ते मला बैठकीत वाचून दाखवायचं होतं. हिंदू विणकरांनी मुसलमान विणकरांना जिवावर उदार होऊन वाचवलं. त्यात त्यांची स्वतःची माणसं मेली. पळवलेल्या मुसलमान बाया सोडवून आणायला हिंदूंनी मदत केली. हे विणकर आपले हुतात्मे नव्हेत का? त्यांचं स्मारक कुठंय? बीदर-कलबुर्गी मी खेडं न खेडं फिरलोय. गोरट्यासारखं, या लोकांच्या नावाचं काही मला कुठं दिसलं नाही.

खेडं न खेडं कसा फिरलो, तर मी शेतीकर्जाचा अधिकारी. आळंद, चिंचोळी, बसवकल्याण, सगळीकडं बदल्या. कर्ज द्यायच्या आधी शेत जाऊन बघायचं आणि कागद तपासायचे, हे काम. विक्रीखतात चतुःसीमा लिहिलेली असते, पूर्वेला कुणाचं शेत, पश्चिमेला कुणाचं. आपल्याकडं नवं खत करताना लिहिणारा जुन्यावरून चतुःसीमा तशीच उतरवतो. त्यामुळं १९८५ च्या कागदातही पश्चिमेला कुणा साहेबाचं शेत दिसायचं. मी विचारायचो, हे शेजारी कुठं असतात? "असतात कुठले साहेब, ते गेले पोलीस अ‍ॅक्शनच्या साली." पहाणीत भलत्याचंच नाव. पण बोलण्यात शेताचं नाव अजून तेच: काझीचं रान, फकिराचा मळा, मशिदीची पट्टी. कसणारे पाटील, देशमुख, बिरादार. पहिली दोन-चार वर्षं मी तिकडं लक्ष दिलं नाही. मग लक्ष द्यायला लागलो, आणि मग ते थांबेना. वरिष्ठांना काय लिहिणार? कागद कायद्यानं स्वच्छ होते. मी कर्ज मंजूर करत गेलो.

म्हणून म्हणतो, मढी उकरण्याचा आरोप माझ्यावर नको. उकरायला ती पुरलेली असावी लागतात. आपण रोज "काझीच्या रानात नांगरट चाललीय" म्हणतो, आणि काझी कोण असं पोरानं विचारलं तर गप्प बसतो.

आणि निम्मी मढी तर तुम्ही स्वतःच दरवर्षी बाहेर काढता! १७ सप्टेंबरला भाषणात गोरटा येतो की नाही? यायलाच हवा. मग मे महिना आठवला तर देशभक्ती आणि ऑक्टोबर आठवला तर मढी, हा हिशेब कुठला? मी बी.कॉम. माणूस आहे. खतावणीची एकच बाजू लिहिणाऱ्या कारकुनाला मी घरी बसवलं असतं. कुणी म्हणेल, त्यांनी आधी मारलं, फिटंफाट झाली. पैशाची होते हो फिटंफाट. आमच्या चुलत आजोबांना जाळणारा पळून गेला, आणि त्याच्या बदल्यात मेला गावात बांगड्या विकणारा म्हातारा. यात काय फिटलं?

एक जण म्हणाला, हे बोललं तर कन्नडवाल्यांना हत्यार मिळेल, मराठी माणूस बदनाम होईल. अहो, त्या दिवसांत आपण मराठीही नव्हतो आणि कन्नडही नव्हतो. लिंगायत, मराठे, धनगर, सगळे त्यात होते, आणि वाचवणाऱ्यांतही सगळे होते. या बाबतीत सीमावाद नाही. महाजन आयोगाला विचारायचं कारण नाही.

मला अण्णा भाऊ हवेत ते याचसाठी. निजामाच्या राज्यात तेलंगणचा शेतकरी उठला तेव्हा त्याच्या बाजूनं त्यांनी पोवाडा रचला. तेव्हा त्यांना कुणी निजामाचा माणूस म्हणू शकत नाही. आणि त्याच माणसानं फाळणीच्या दंगलीवर पोवाडा रचला, तो मेलेल्यांचा धर्म विचारण्यासाठी नाही. जुलमाविरुद्ध हातात डफ घ्यायचा आणि जुलूम करणारे हरल्यावर त्यांच्या जातभाईंच्या घराला लागलेली आगही विझवायची, ही दोन्ही कामं त्यांना एकच वाटली. आम्हाला ती दोन वाटतात, आणि त्यातलं एकच आम्ही करतो. अण्णा भाऊंची आठवण अशी पुरी होती, म्हणून तर आपल्याला त्यांचं दोन मिनिटांचं कात्रण लागतं. पुरे अण्णा भाऊ परवडत नाहीत.

मागं दोन वर्षांपूर्वी मुलीकडं जर्मनीला गेलो होतो. फुटपाथवर पायाखाली पितळेचे चौकोन दिसले, हाताच्या तळव्याएवढे. मुलगी म्हणाली, बाबा, वाकून वाचा. हिटलरच्या राज्यात त्या घरातून नेऊन मारलेल्या माणसाचं नाव, जन्मसाल, कुठं नेलं, कुठं मारलं. सुरुवात "इथं राहत होते" अशी. गुंटर डेमनिग नावाच्या एका कलावंतानं १९९० च्या दशकात हे सुरू केलं. आता युरोपभर असे एक लाखाहून जास्त दगड आहेत. आणि तिथले लोक स्वतःच्या गल्लीतल्या मेलेल्यांची नावं शोधून, पैसे भरून ते बसवून घेतात. ज्यांच्या आजोबांनी शेजारी नेताना पाहिलं आणि खिडकी लावून घेतली, ती नातवंडं. १०३ फुटांचा झेंडा मान वर करून बघावा लागतो आणि हा १० सेंटिमीटरचा चौकोन मान खाली घालून. दोन्ही करायला मान शाबूत असली म्हणजे झालं.

आपल्याला पितळ नको. आपल्याकडं शेतांची नावं आहेत. ती पुसली नाहीत हीच आपल्या अडाणी पूर्वजांची मेहेरबानी.

माझ्या वर्गणीबद्दल विचारणाऱ्यांना सांगतो: मैना पहिल्या शब्दापासून शेवटच्या शब्दापर्यंत होणार असेल, पत्रिकेवर अमर शेखांचं नाव असेल, आणि म्हणायला ऑर्केस्ट्रातला गायक न आणता तात्यांच्या नातवाला सन्मानानं बोलवणार असाल, तर दुप्पट देतो. तो आयटीआयला शिकवतो, हलगी उत्तम वाजवतो, भालकीच्या ठिकाणी आजोबांसारखीच जादा थाप टाकतो. त्याला मी फोन केला होता. तो म्हणाला, "येतो काका. पण चहा सगळ्यांबरोबर घेईन." मी काय बोलणार?

आणि या समूहातल्या माझ्या वयाच्या माणसांना एक विनंती. तुमच्या गावातल्या अशा शेताचं, विहिरीचं, वाड्याचं नाव खाली लिहा. आजच्या मालकाचं नाव नको, कुणाची बदनामी करायची नाही. फक्त जुनं नाव, आणि ते कोण होते, कुठं गेले, ठाऊक असेल तेवढं. आणि कुणी कुणाला लपवलं, पोत्याखाली घालून बैलगाडीतून हद्दीपार केलं, तेही लिहा. ते जास्त लिहा.

सुरुवात मी करतो, दुसऱ्याला सांगून आपण मागं राहायचं बरं नाही.

आमच्या गावाच्या उत्तरेला ओढ्याकाठी आमचं शेत आहे, साडेचार एकर, काळं रान. त्याचं नाव मुलाण्याची पट्टी. वडील म्हणायचे, रीतसर विकत घेतलंय. ते खरंय. वडील गेल्यावर पेटीत विक्रीखत मिळालं, १९४९ चं, उर्दूत. बीदरच्या एका निवृत्त मास्तरांकडून मी ते वाचून घेतलं. किंमत १८० रुपये, हाली शिक्का. सात हालीला सहा कलदार मिळायचे त्या काळात, म्हणजे दीडशेच्या आसपास. वडिलांच्या हिशेबाच्या चोपडीत त्याच साली घेतलेल्या बैलजोडीची किंमत लिहिली आहे, ती याहून जास्त आहे. विकणारी बाई होती. सहीच्या जागी डाव्या हाताचा अंगठा. मास्तरांनी तिचं नाव दोनदा वाचून दाखवलं, मी ते लिहून घेतलंय. तिचं घर कुठं होतं विचारलं तर गावात एकच म्हातारी सांगू शकली: पिंपळापलीकडं, आता जिथं दूधडेअरी आहे तिथं. दोन पोरं घेऊन हैदराबादच्या बाजूला गेली म्हणतात. तिचा नवरा त्या ऑक्टोबरात गेला होता. आईनं छावणीतून परत आल्यावर तिला एक लुगडं दिलं होतं, असं माझा मोठा भाऊ म्हणतो, पण तेव्हा तो चार वर्षांचा होता.